अमेरिकेनं चोरलेली आमच्या मंडईची चाल

आता काय सांगू तुम्हाला! हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, पुढे चहा सांडायला नको.

मी गोंडपिपरी तालुक्यातला निवृत्त मास्तर. गेल्या वर्षी मोबाईलवर एका जुन्या अमेरिकन गाण्याचा इतिहास ऐकत होतो. रॉक अँड रोल नवंनवं होतं, तेव्हाचं गाणं. आधी एका गरीब गायकानं म्हटलं, कुणी विचारलं नाही. मग दुसऱ्यानं तेच म्हटलं आणि अख्खी अमेरिका नाचायला लागली. मूळ चाल कुणाची, ते म्हणे कुणालाच ठाऊक नाही.

मग गाणं वाजलं आणि मी खुर्चीतून उठलोच. अहो, ही तर आमच्या महादेवभाऊंची चाल!

महादेवभाऊ म्हणजे गावचे पेटीमास्तर, वय पंच्याऐंशी. दिवाळीनंतर आमच्याकडे मंडई, म्हणजे गावची जत्रा, भरते, मंडईला नाटक लागतं, आणि नाटकात भाऊंची ती चाल आली नाही तर पब्लिक मंडप डोक्यावर घेतं. साठ वर्षं हेच चाललंय.

माझं डोकं धावू लागलं. आलापल्लीच्या जंगलातलं सागवान इंग्रज साहेब लोकांनी नेलं, तशी ही चालही नेली असणार! पुरावा? मी म्हणतोय ना, आणखी कसला पुरावा?

सरपंचबाईंना सांगितलं. त्या माझ्याहून पेटल्या.

"मंग आपण चूप काऊन बसाचं, गुर्जी? मंडईत सत्कार करू भाऊचा! बॅनर लावू!"

लागला बॅनर. 'रॉक अँड रोलच्या जन्मगावी आपले स्वागत आहे.' खाली माझा फोटो, भाऊंच्यापेक्षा थोडा मोठा.

आमंत्रण द्यायला भाऊंकडे गेलो, तर त्यांचा चेहरा पडलेला.

"गुर्जी, मले एक सांगाचं होतं..."

"काही सांगू नका भाऊ. फार अन्याय झाला तुमच्यावर!"

"अन्याय नाई जी, आयका त खरं..."

"किती हा साधेपणा!" म्हणून मी डोळे पुसले आणि निघालो. सत्काराच्या दिवसापर्यंत ते तीनदा घरी आले. तिन्ही वेळा मी चहा पाजला, बोलू दिलं नाही.

मंडईत ही गर्दी! शाल, नारळ झाले. मी माईक धरला तो सोडेचना. शेवटी तर गरजलो, "ही चाल कोणत्या घरातून गेली, त्याचा पत्ता मी शोधून काढीन! आणि त्या घरच्या माणसाला याच मंडईत नाचायला लावीन!"

टाळ्या! मग भाऊ उठले. पिशवीतून ग्रामोफोनची एक जुनी तबकडी काढली.

"मायबापहो, हे चाल माही नाई. जवान होतो तवा गुर्जीच्या बाबूजीच्या घरी हे तबकडी आयकली, मागून आणली, तिच्यावरून चाल उचलली. वापस द्याचं राहून गेलं. मंग बाबूजी गेले. साठ वर्सं लाज वाटून राह्यली मले."

तबकडी त्यांनी माझ्या हातात दिली. पाकिटावर वडिलांचं नाव, आमच्या घराचा पत्ता, आणि त्यांच्याच वळणदार अक्षरात 'ऐकून परत करावी.' खरं सांगतो, माईक खाली ठेवून मी त्या अक्षरांवर बोट फिरवत राहिलो.

ती संधी सरपंचबाईंनी साधली. "गुर्जी, पत्ता त सापडला जी!"

मंडप फुटला हसून. पण भाऊंचं मन आता हलकं झालं होतं ना! ते थांबतात कशाचे?

"अजून आयका! हे तबकडी लागली का हे गुर्जी, चार वर्साचं पोट्टं, एका हातानं चड्डी धरून नाचे. ते पाहूनच म्या म्हटलं, ह्या चालीवर पब्लिक बी नाचन!"

"नाचा गुर्जी! नाचा!" पब्लिकनं उचलूनच धरलं. भाऊंनी पेटी ओढली आणि तीच चाल सुरू केली. शब्द दिला होता, करतो काय? नाचलो. आणि त्याच दिवशी नेमका घाईत पँटचा पट्टा घरी राहिलेला.

भाऊ पेटीवरूनच ओरडले, "पाहा, पाहा! साठ वर्सं झाले, पोट्ट्याचा हात अजून तिथीच हाय!"