क्रॅकोचं ताक

पोलंड देशातल्या क्रॅको या जुन्या शहराची अपरिचित स्थळं मी खानदेशातल्या वाचकांना हिंडवून दाखवली, आणि त्या शहरात मी स्वतः कधी पाऊल ठेवलेलं नव्हतं. ही चूक मी आधीच कबूल करून टाकतो, कारण ती लहान आहे. लहान चुका कबूल करायला मला नेहमीच आवडतं. माणूस प्रामाणिक वाटतो. मोठी चूक ताकाची आहे. तिच्यापर्यंत यायला इथे दोन पानं लागतील. प्रत्यक्षात तीन वर्षं लागली होती.

साठ सालच्या आगेमागे मी तळोद्याच्या शाळेत भूगोल शिकवत होतो. माझा स्वतःचा भूगोल पश्चिमेला सुरतेपर्यंत आणि पूर्वेला भुसावळपर्यंत पसरलेला होता, दोन्हीकडे लग्नांच्या निमित्ताने. सातपुडा वर्गाच्या खिडकीतून दिसायचा. त्याच्या पलीकडे नर्मदेच्या काठी मणिबेली नावाचं गाव आहे, हे मी नकाशावर छडीने दाखवत असे. डोंगरातून आलेली मुलं तेव्हा एकमेकांकडे बघून हसत, कारण छडी बहुतेक वेळा भलतीकडेच टेकलेली असे. मणिबेलीला मी गेलो नव्हतो. वाट फार अवघड. क्रॅकोला मात्र मी दर बुधवारी जात होतो.

बुधवारी गावच्या वाचनालयात टपाल यायचं. त्यात महिन्याकाठी पोलंडचं एक इंग्रजी मासिक असे. गुळगुळीत कागद, रंगीत चित्रं आणि वर्गणी काही नाही. ते वाचणारा गावात मी एकटाच. बाकीचे त्याची कव्हरं करत. त्या वर्षी तळोद्यातल्या निम्म्या भूमितीच्या वह्यांवर क्रॅकोचा राजवाडा होता, आणि एका मुलाने त्या राजवाड्याच्या बुरुजावर ‘इयत्ता आठवी ब’ असं ठसठशीत लिहिलं होतं. या शहरावर आता मीच काही केलं पाहिजे, असं मला वाटलं.

मी धुळ्याच्या एका साप्ताहिकाला तीन लेख पाठवले. मोठा चौक आणि मोठं देऊळ कोणीही दाखवील, मी अपरिचित स्थळं दाखवणार होतो. कुणा जुन्या राजासाठी लोकांनी हातांनी रचलेली मातीची टेकडी. राजवाड्याच्या पोटातली गुहा, जिच्यात एके काळी एक अजगरासारखा राक्षस राहत होता. जुन्या विद्यापीठातलं कमानींचं अंगण. गावाची तटबंदी पाडून तिच्या जागी केलेली, गावाला वेढा घालणारी बाग. ‘सकाळच्या कोवळ्या उन्हात टेकडी चढताना आम्हांला थोडी धाप लागली,’ असं मी लिहिलं. धाप मला खरोखर लागली होती. लेख टपालात टाकायला धावत गेलो तेव्हा.

पहिल्या कच्च्या लेखनात जागोजागी ‘म्हणे’ होतं. टेकडी हातांनी रचली म्हणे, गुहेत राक्षस होता म्हणे. पक्कं लिहून काढताना हे ‘म्हणे’ मला वाक्याच्या पायात आल्यासारखे वाटू लागले. मी ते सगळे खोडले. पुढे कोणी विचारलं की मी म्हणत असे, संपादकांनी जागेअभावी काढले. बिचारे संपादक.

आता ताक. मासिकात बाजाराचं एक चित्र होतं. डोक्याला रुमाल बांधलेली एक जाडजूड बाई, तिच्यासमोर दुधाची मोठाली कॅन, हातात माप, आणि मापात पांढरंशुभ्र काहीतरी. खाली इंग्रजीत लिहिलं होतं की गवळण हसून म्हणते, ‘ताक, ताक!’ तो शब्द इंग्रजी नव्हता, हे माझ्या लक्षात आलं. तो पोलिश असणार, हेही लक्षात आलं. आणि तो कुठला आहे हे ओळखायला भूगोल शिक्षकाला किती वेळ लागणार? मी तिसऱ्या लेखात एक संबंध परिच्छेद घातला. संस्कृतातलं तक्र थेट पोलंडपर्यंत कसं पोचलं, आर्यांनी वाटेत रवी कशी सांभाळली असेल, आणि आजही क्रॅकोच्या गल्लोगल्ली सकाळी ‘ताक, ताक’ अशी हाळी कशी ऐकू येते. हेडमास्तरांनी तो परिच्छेद शिक्षकांच्या खोलीत मोठ्याने वाचून दाखवला. गाव मला ‘पोलंड मास्तर’ म्हणू लागलं. मी रागावल्यासारखं करत असे.

इथपर्यंत कोणाचं काही बिघडलं नव्हतं.

तापीकाठच्या एका गुजर कुटुंबातला मुलगा माझा विद्यार्थी होता. तो पुढे इंजिनियर झाला आणि साखर कारखान्याची यंत्रं शिकायला त्याची पोलंडसाठी निवड झाली. तीही नेमकी क्रॅकोला. घरात कापूस, केळी, ऊस, सगळं होतं. अंडं मात्र उंबऱ्याच्या आत कधी आलेलं नव्हतं. मुलाचे वडील गरीब स्वभावाचे, घरात शब्द चाले तो त्यांच्या थोरल्या भावाचा, म्हणजे मुलाच्या काकांचा. काकांनी सांगितलं, पोऱ्या जाणार नाही. मुलाची आई, जिला सगळं गाव भाभी म्हणत असे, एरवी जेठांसमोर बोलत नसे. ती दाराआडून बोलली, मास्तरला विचारा, मास्तर तिथे जाऊन आलेत. म्हणून मला आणायला बैलगाडी आली.

मला बंगईवर, म्हणजे ओट्यावरच्या झोपाळ्यावर, बसवलं. समोर काका आणि त्यांचे दोघे भाऊ. दाराच्या चौकटीआड भाभींचा पदर तेवढा दिसत होता.

“पोऱ्या तठे जाईसन काय खाई, मास्तर?” काका म्हणाले. “मांसमच्छी?”

मी टेकडी, अंगण आणि बाग यांच्याविषयी सांगू लागलो.

“टेकडी खाई का तो?” काकांनी विचारलं.

तेव्हा दाराआडून भाभी बोलल्या. “मास्तर, तठे ताक भेटस ना? बाकीनं मी बांधी देसू. ताक कसं बांधू?”

“मिळतं ना,” मी म्हणालो. “गल्लोगल्ली.”

“तुम्हना डोयाघाई दखेल शे का?”

डोळ्यांनी पाहिलं आहे का. या प्रश्नाला दोनच उत्तरं होती, आणि मला तर मासिकातली गवळण स्पष्ट दिसत होती. तिचा रुमाल, तिचं माप. काका माझ्याकडे बघत होते. लेखात मी एकदा टेकडी चढून बसलो होतो, तिथून उतरायची मला लाज वाटली.

“शे,” मी म्हणालो. आयुष्यात मी अहिराणी तेव्हा पहिल्यांदा बोललो असेन. ‘आहे’ एवढाच त्याचा अर्थ. शब्द छोटा, चटकन तोंडातून निघतो.

“बस,” भाभी म्हणाल्या. मग जेठांना ऐकू जाईल अशा आवाजात त्या म्हणाल्या, “मास्तर खोटं बोलाव नही. जाऊ द्या पोऱ्याले. मी सांगस.”

त्या घरात ‘मी सांगस’ असं त्यांनी पहिल्यांदाच म्हटलं होतं, हे मला नंतर कळलं. काकांनी पाय लावून माझी हलती बंगई थांबवली आणि हो म्हटलं. मला निघताना केळीचा एक घड दिला. तो मी खाल्लासुद्धा.

मुलगा गेला. चार-पाच महिन्यांनी त्याचं लांबलचक पत्र आलं आणि ओट्यावर सगळ्या घरासमोर वाचलं गेलं. पहिल्याच सकाळी तो दुधाच्या दुकानात गेला होता. काउंटरवरच्या बाईला म्हणाला, ‘ताक?’ ती म्हणाली, ‘ताक.’ तो थांबला, तीही थांबली. तो पुन्हा म्हणाला, ‘ताक.’ ती मान हलवून म्हणाली, ‘ताक, ताक.’ मागे रांग लांबत चालली. शेवटी रांगेतल्या एका म्हाताऱ्याने त्याला कसंबसं समजावलं की त्यांच्या भाषेत ‘ताक’ म्हणजे ‘हो’. पुढे त्याने लिहिलं होतं की बटाटा, कोबी आणि पाव यांवर भागवतो आहे. पोट बिघडून काही दिवस दवाखान्यात होतो, आता बरा आहे, आईने काळजी करू नये.

पुन्हा बैलगाडी आली. या वेळी बंगईवर काका बसले होते, मला खाट दिली.

“काय मास्तर, आमनी वहूले तुम्हीच सांगेल व्हतं ना? गल्लीगल्लीमा ताक शे म्हनीसन?”

वाटेत गाडीत मी ठरवलं होतं की चुकलो म्हणायचं. तशी वाक्यंही जुळवली होती. पण ओट्यावर वडील होते, काका होते, शेजारचे चौघे मुद्दाम येऊन बसले होते, आणि त्यातल्या दोघांची मुलं माझ्या वर्गात होती. मी चष्मा पुसला. जुळवलेली वाक्यं बाजूला ठेवली आणि शाळेची सगळ्यांत शुद्ध मराठी काढली.

“मी ‘मिळणे संभवते’ असे म्हणालो होतो,” मी म्हणालो. “भाभींच्या ऐकण्यात फरक झाला असावा.”

ओट्यावरच्या कोणालाही ‘संभवते’चा अर्थ ठाऊक नव्हता. म्हणूनच सगळ्यांचा विश्वास बसला. एवढा अवघड शब्द माणूस उगाच कशाला बोलेल?  चौकटीतला पदर आत गेला.

मराठी भाषेच्या प्रसारासाठी मी हयातभर झटलो, पण माझा एकच शब्द तापीकाठी रुजला. त्या गावात ‘संभवते’ घरोघरी पोचलं. भाभी काही बोलल्या की धाकट्या जावा विचारत, “भाभी, शे, का संभवते?” पाणी भरायला गेल्या तर पोरं ओरडत, “विहिरीमा पानी संभवते का वं?” पुढच्या वर्षी त्यांच्या मुलीचं लग्न ठरलं, तेव्हा त्यांना नवरा मुलगा कोण हे सर्वांत शेवटी सांगितलं. तुझं ऐकलं की काय होतं ते एकदा पाहिलं, असं काका म्हणाले. हे मला माझेच विद्यार्थी सांगत, हसत हसत. मीही हसत असे. आणि त्या गावाकडून जाणारा रस्ता मी सोडून दिला. कुठे जायचं झालं तर एक कोस जास्त चालत असे. प्रकृतीला चांगलं, असं बायकोला सांगत असे.

मुलगा परत आला आणि दोन दिवसांनी मला भेटायला शाळेत आला. अंगात लांब कोट, तळोद्याच्या एप्रिलमध्ये. हातात माझे तिन्ही लेख होते, घड्यांवर फाटलेले.

“हे घेऊन फिरलो, सर,” तो म्हणाला. “टेकडी आहे. वरून सगळं गाव दिसतं. अंगण आहे. बागेतून तर मी रोज जायचो. गुहापण आहे, आत नुसता ओलावा. पण तिथले लोक क्राकूफ म्हणतात.”

मी लिहून घेतलं. तेवढंच करण्यासारखं होतं.

“आणि सर, ताकपण आहे.”

मी वर पाहिलं.

“माश्लांका म्हणतात. चांगलं आंबट असतं. पहिल्या दिवशीच्याच दुकानात, त्याच काउंटरवर. सरांचं ताक खोटं निघालं म्हणून मी नंतर विचारलंच नाही कोणाला. दुसऱ्या वर्षी एका मित्राने पाजलं, तेव्हा कळलं. त्या सकाळी मी त्या बाईकडे ‘हो’ मागत होतो, आणि ती देत होती.” तो हसला. मग हसू आवरून त्याने विचारलं, “सर, आई म्हणते तुम्ही ‘शे’ म्हणालात. काका म्हणतात, तिने चुकीचं ऐकलं. ती आता घरात काही बोलतच नाही. तुम्ही नक्की काय म्हणाला होता?”

त्याने हे वर्गात शंका विचारावी तसं विचारलं. मी घंटेकडे बोट दाखवलं आणि तासाला गेलो. त्या तासाला मी काय शिकवलं ते आठवत नाही. पोलंड नव्हतं एवढं नक्की.

रविवारी मी त्या गावी पायी गेलो, सोडून दिलेल्याच रस्त्याने. भर दुपार होती. ओट्यावर काका आणि त्यांचे भाऊ शेंगा फोडत बसले होते, शेजारचे दोघे होते.

“या, या, पोलंड मास्तर,” काका म्हणाले. “आज वाट चुकनात का?”

मी बंगईवर बसलो नाही. सरळ दारापाशी गेलो. चौकटीआड पदर होता. खाली मान घालून मी जे बोललो ते फार तर उंबऱ्याला ऐकू गेलं असेल. त्यातही एकदा ‘कदाचित’ आलं, आणि ‘गैरसमज’ हा शब्द आला. म्हणजे मी तिथेही शाळेतच उभा होतो.

भाभींनी ऐकून घेतलं. मग त्या म्हणाल्या, “मास्तर, तुम्हनं पुस्तकनं माले समजत नही. आनि वट्टावर काही ऐकू उनं नही. जोरमा बोला.”

शेंगा फोडण्याचा आवाज थांबला. मी ओट्याकडे तोंड केलं. मला येते तेवढ्या मोडक्या अहिराणीत, शेजारच्या दोन घरांना ऐकू जाईल असं, मी म्हणालो:

“मी ‘संभवते’ म्हनेल नव्हतं. मी ‘शे’ म्हनेल व्हतं. भाभीनी बराबर ऐकेल व्हतं. मी काहीच दखेल नव्हतं, ना टेकडी, ना ताक. खोटं मी बोलनू, आनि दोष भाभीले दिधा. भाभी, माले माफ करा.”