उजव्या डोळ्याचा हेका

"ताई, चेहरे निळे पडतायत," दिग्दर्शक म्हणाला, आणि मी त्याला चारचौघांत झापलं. "तू शाळेत जात होतास तेव्हापासून कॅमेरा चालवतेय मी. मला रंग शिकवू नकोस!" मालिकेचं शूटिंग होतं, स्वयंपाकघराचा सेट, आणि मला तिथला उजेड पिवळाधमक दिसत होता. म्हणून मी त्यात निळा मिसळायची. तो तक्रार करायचा, मी हट्टाने आणखी निळा वाढवायची. शेवटी निर्मात्याने गोड आवाजात सांगितलं, "थोडे दिवस आराम करा." आमच्या धंद्यात 'आराम करा' म्हणजे काय, हे न कळण्याइतकी मी बावळट नाही.

आले ग्वाल्हेरला, नया बाजारात दादाकडे. सुट्टी आहे म्हणून सांगितलं. खरं तर एकच भीती होती, त्या दिग्दर्शकाचंच खरं असलं तर? हात थरथरले तर कॅमेरा स्टँडवर ठेवता येतो, गुडघे गेले तर बसून काम करता येतं. पण रंगाची जाणच गेली तर उरलं काय? मला दुसरं काही येत नाही हो. पोळीसुद्धा धड लाटता येत नाही.

एका सकाळी वहिनी श्रीखंडाचा चक्का फेटत होती. मी म्हटलं, "केशर जरा जास्त नाही का झालं?"

"केशर? अगं, अभी डाला कहाँ? ते काय वाटीत भिजतंय!"

मी पातेल्यावर वाकले आणि सवयीने डावा डोळा मिटला. जन्मभर हेच केलंय, उजवा डोळा कॅमेऱ्याला आणि डावा मिटलेला. चक्का पिवळाच होता. मग काय वाटलं कोण जाणे, उजवा मिटून डाव्याने पाहिलं. पांढराशुभ्र! पुन्हा उजवा, पुन्हा पिवळा.

"चक्क्याला काय डोळा मारतेस?" वहिनी म्हणाली.

"वहिनी, दादाला हाक मार. आत्ताच्या आत्ता."

दादाने मला स्कूटरवर बसवून मुरार भागातल्या डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेलं. रस्ताभर मी मागे बसून देवाशी भांडत होते. कान घे, दात घे, हवे तर दोन्ही गुडघे घे, पण हा डोळा नको रे बाबा! डॉक्टरांनी थेंब घातले, दिवा मारला आणि इतका वेळ डोळ्यात डोकावत राहिले की माझा धीर सुटला. "अहो, बोला ना काहीतरी!" मी मराठीतच ओरडले.

"मोतियाबिंद है जी," ते शांतपणे म्हणाले. "पक रहा है. इसमें सब पीला ही दिखता है. ऑपरेशन से ठीक हो जाएगा."

"बस? एवढंच?"

"और क्या चाहिए आपको?"

मी हसतच सुटले. बाहेर बाकावर बसलेल्या बायकांना वाटलं असेल, हिचं डोकंही गेलं. मोतीबिंदू ऐकून लोक घाबरतात, मला पेढे वाटावेसे वाटत होते. जाण शाबूत होती माझी! पुढची काच तेवढी खराब झाली होती, आणि ती मी इमानेइतबारे निळ्याने दुरुस्त करत बसले होते.

ऑपरेशन झालं, डोळा स्वच्छ झाला. दिग्दर्शकाला फोन केला. "तुझंच खरं होतं. पण पुढचं शूटिंग मीच करणार, सांगून ठेवते." तो खळखळून हसला. "या, ताई. वाटच बघतोय."

त्या संध्याकाळी आम्ही तिघांनी टीव्हीवर मालिकेचे जुने भाग लावले. नायिका चहा गाळत होती आणि दिसत होती नुकती नदीतून बाहेर काढल्यासारखी. "अगं बाई! हे मी केलंय?" माझ्या डोळ्यांत हसून हसून पाणी आलं. वहिनीने तोंडाला पदर लावला. दादा मात्र हसला नाही.

"म्हणजे हे चुकून झालं होतं?"

"चुकून नाही तर काय!"

"मी तर दाल बाजारात सगळ्यांना सांगत फिरलो," तो म्हणाला, "की हा निळा रंग म्हणजे माझ्या बहिणीची खासियत आहे. जो कोई हँसता, त्याला म्हणायचो, तुला अक्कल नाही. एकाशी तर अजून बोलत नाही मी."