कापलेल्या फितीवरचे व्याख्यान

आखाती युद्ध पेटले तेव्हा सौदी अरेबियातल्या अल-खोबर शहरात आमच्या इमारतीतील बहुतेक कुटुंबे भारतात परतली होती. मी आणि पत्नी राहिलो. मराठी मंडळाच्या शुक्रवारच्या बैठकीत माझे व्याख्यान ठरले होते. पन्नाशीच्या उंबरठ्यावरचे, आयुष्यातील पहिलेच. विषय होता एक मेक्सिकन चित्रपट दिग्दर्शक.

तो स्टुडिओत प्रत्येक शॉटआधी क्लॅपची पाटी धरण्याच्या कामावर लागला आणि शतकाच्या मध्यास दिग्दर्शक झाला. निर्माते त्याला जुने सेट आणि अपुरा वेळ देत. तेवढ्या तुटपुंज्या साधनांत तो नाचघरे आणि तिथल्या थकलेल्या स्त्रिया उभ्या करी. स्टुडिओ ओस पडल्यावर त्याने दूरचित्रवाणीच्या मालिका केल्या, पण काम सोडले नाही. मला त्याचे हेच आवडले होते. त्याच्या चित्रपटांच्या व्हिडिओ कॅसेट मला एका मेक्सिकन सहकाऱ्याने सौदी सोडताना दिल्या होत्या.

बैठकीच्या आदल्या संध्याकाळी क्षेपणास्त्र हल्ल्याचा भोंगा वाजला. खिडक्यांना चिकटपट्ट्या लावलेल्या आतल्या खोलीत आम्ही दोघे आणि शेजारचे दांपत्य बसलो. विषारी वायू आत येऊ नये म्हणून दाराखाली ओला टॉवेल सारला.

"उद्याचं व्याख्यान वाचून दाखवा की भावजी," शेजारच्या वहिनी म्हणाल्या, "नाहीतरी इथून कुठे जायचंय?"

मी चाचरत वाचू लागलो. "नाजूक क्षणी हा दिग्दर्शक दृश्य तोडतो. नायिका दार लोटते आणि लगेच सकाळ होते. या संयमातच त्याची प्रतिभा आहे."

वहिनींना हसू आवरेना. "संयम कसला! याचे बरेच सिनेमे मी पुण्यात फिल्म सोसायटीत पाहिलेत, हासुद्धा. दारामागे लांबलचक नाच आहे, मग भांडण. ते कॅसेट देशात आणताना इथल्या विमानतळावरच्या तपासनिसानं कापलंय!"

"म्हणजे यांनी तपासनिसावरच प्रबंध लिहिला!" त्यांचे यजमान म्हणाले.

त्या जागी पडद्यावर रेघा उमटत. तो मी जुन्या प्रतीचा दोष समजलो होतो.

"अहो, नाही म्हणून कळवा," पत्नी हळूच म्हणाली. "युद्धात कोण विचारतंय?"

नकार देणे सोपे होते आणि आजवर मी तेच करत आलो होतो. मी कागद उलटा केला, पेन काढले.

"वहिनी, ते भांडण कशावरून होतं?"

"तिला नाच सोडायचा असतो. मालक म्हणतो, सोड, पण मग खोलीही सोड."

धोका टळल्याचा भोंगा झाला, तरी कुणी उठले नाही. एकेक चित्रपट घेऊन वहिनी आठवेल ते सांगत राहिल्या. त्यांनाही आठवेना तिथे मी 'ठाऊक नाही' असे लिहिले. संयमाचा परिच्छेद संपूर्ण गेला.

शुक्रवारी मोजक्या श्रोत्यांसमोर उभा राहिलो. "हे चित्रपट मी पूर्ण पाहिलेले नाहीत," मी सुरुवात केली. मागून कुणीतरी खाकरले. मग तपासनिसाची हकीकत सांगितली. लोक मोकळेपणी हसले आणि ऐकू लागले.

निम्म्यावर आलो असताना अध्यक्षांनी घड्याळाकडे पाहून खूण केली. "आटोपतं घ्या. भोंगा व्हायच्या आत सगळ्यांना घरी पोचायचंय."

"त्याच्या मालिका अजून राहिल्या आहेत," मी म्हणालो आणि पुढचा कागद वर घेतला.