दातआत्याची बिस्किटे

दातआत्या कोणत्याही आईशी बोलण्यापूर्वी तिच्या कडेवरच्या मुलाची चौकशी करत, आणि तीही त्याच्या तोंडात बोट घालून. बोट आधी साबणाने धुतलेले असे, हे मी प्रत्यक्ष साक्षीदार या नात्याने नमूद करतो. हिरडी चाचपून त्या निकाल देत, ‘आलं गं, तांदळाएवढं आलंय. आता रडंल, चावंल, दोन दिस काय खाणार नाय. तू घाबरू नको.’

कर्जतच्या तहसील कचेरीसमोर माझे टेबल आहे. लोकांचे अर्ज, हरकती व विनंत्या मी कित्येक वर्षे लिहून देत आलो आहे. शिक्षण नववीपर्यंतच झाले. तथापि माझ्या मसुद्यात दुरुस्ती करण्याची वेळ कोणत्याही साहेबावर आलेली नाही. टेबलाला लागूनच चाचांची बेकरी. दिवाळीत घरोघरच्या बायका नानकटाईचे पत्रे भाजून घ्यायला बेकरीत रांग लावतात. आत्यांची ही दिवाळी बारा महिने चाले. दुपारचे पाव निघाले की निवत चाललेल्या भट्टीत त्यांचा पत्रा आत जाई. नाचणीचे पीठ, थोडी कणीक, कुस्करलेले केळे, खारकेची पूड आणि नावापुरते तूप. बिस्किटे गोल नसत. मुलाच्या मुठीत मावून वर उरतील अशा त्या कांड्या असत.

पत्रा बाहेर आला की एक कांडी आत्या थेट माझ्या टेबलावर आपटत. समोर पक्षकार बसलेला असला तरी त्यांना फरक पडत नसे. एकदा मी गंभीरपणे म्हणालो, ‘आत्या, हे सरकारी कामकाजाचे टेबल आहे.’

‘सरकार कुठं बसलंय हितं? तुमीच बसलाय.’

कांडी मोडली तर तो घाणा मोठ्यांच्या चहाबरोबर जाई. न मोडली तरच मुलांना मिळे. ‘मोठ्याचं बिस्कीट मोडाया पायजे, पोराचं झिजाया पायजे,’ असे त्या प्रत्येक आईला बजावत. दुसरी ताकीद अशी, की मूल खात असताना आईने समोरून उठायचे नाही. फोनवर बोलणाऱ्या एका आईच्या हातून त्यांनी कांडी सरळ काढून घेतली होती. ‘आधी त्यांच्याशी बोल, मग पोराला दे.’

पळसदरीपासून कळंबपर्यंतच्या मुलांच्या हिरड्या या बाईंनी चाचपल्या, पण स्वतःच्या नातीला त्यांनी बारशानंतर पाहिलेले नव्हते. सून प्रियांका खोपोलीच्या एका कारखान्यात हिशेब पाहते. ओवीच्या बारशाला पाळण्याजवळ दुधाच्या पावडरीचा डबा दिसला आणि आत्या चारचौघांत बोलून गेल्या, ‘आमच्यात पोरं डब्यावर नाय वाढत.’ त्यानंतर प्रियांका पुन्हा कर्जतला आली नाही, आणि सासूला तिने बोलावलेही नाही. मुलाचा फोन येई, त्यावरून आत्यांना कळले की ओवीला दात येऊ लागले आहेत.

मी त्यांना सुचवले, की सुनेस रीतसर विनंतीपत्र पाठवावे. मुद्देसूद मसुदा मी करून देईन.

‘भाऊ, अर्ज सायबाला करत्यात. सुनेला केला आणि तिनं खाली नामंजूर लिवलं, तर मी कुठं जाऊ?’

मी काढलेला कोरा कागद पुन्हा फायलीत ठेवला.

शेवटी त्यांनी ओवीसाठी खास घाणा केला. चाचांचा पावाचा टेंपो खोपोलीला जातो; त्याच्या ड्रायव्हरच्या हाती डबा दिला. दुसऱ्या दिवशी दुपारी आत्या माझ्या टेबलाशी उभ्या असताना प्रियांकाचा फोन आला. आत्यांना फोन कानाला लावून ऐकू येत नाही, म्हणून स्पीकर लावला आणि सारे मोठ्या आवाजात झाले.

‘आई, यात काय घातलंत? ओवीच्या तोंडात तुकडा सुटला. ठसका लागला तिला. मी समोर होते म्हणून निघाला.’

‘आता कशी हाय?’

‘बरी आहे. पण तो डबा मी वर ठेवून दिलाय.’

आत्या पक्षकाराच्या बाकावर बसल्या. बेकरीच्या दारातून चाचा हळूच म्हणाले, ‘आपा, तूप ज्यादा पडलं होतं, कांडी ठिसूळ झाली. मी बोललो, तुम्ही ऐकता कुठं?’ नातीसाठी म्हणून त्यांनी हात सैल सोडून तूप घातले होते, आणि कांड्या इतक्या सुबक उतरल्या होत्या की त्यांतली एकही आपटून पाहावीशी वाटली नव्हती.

‘माझं चुकलं गं,’ त्या फोनमध्ये म्हणाल्या. ‘लाडात तूप जास्त घातलं. आणि बारशाला बोलले ते बी चुकलं. तुला दूध येत नव्हतं, तुझा जीव तुटत असंल, आणि मी तिथंच...’

पलीकडे ओवीचे रडणे ऐकू आले. मग प्रियांका म्हणाली, ‘ओवी उठली. ठेवते मी,’ आणि फोन बंद झाला.

त्यानंतर आत्यांनी पत्रा लावणेच सोडले. बाया मुले घेऊन येत आणि परत जात. ‘माझ्या हाताचा मलाच भरवसा नाय,’ एवढेच त्या सांगत. चाचा भट्टीतली जागा रोज मोकळी ठेवत आणि रोज तिच्याकडे बघून उसासा टाकत.

आणि एका रविवारी, कचेरी बंद म्हणून मी चाचांकडे चहा घेत बसलो असताना, बेकरीसमोर रिक्षा थांबली. ओवीला कडेवर घेऊन प्रियांका उतरली. ‘आई, आज पत्रा लावा. कसं करता ते मला बघायचंय. तूप मी घालणार.’

‘घाल. पण हात आखडून.’

‘कोण सांगतंय बघा!’

चाचा मोठ्याने हसले आणि मग आत्याही हसल्या. पीठ मळायला घेईपर्यंत त्यांनी नातीकडे हात पुढे केला नव्हता. शेवटी प्रियांकानेच ओवीला त्यांच्या मांडीवर ठेवले. ‘घ्या ना. मला दोन्ही हात लागतात मळायला.’

थोड्याच दिवसांत आत्या खोपोलीला राहायला गेल्या. प्रियांका कामावर जाते, ओवी आजीपाशी असते. इकडे चाचांच्या भट्टीत आता दोघी-तिघी तरुण आया मिळून पत्रा लावतात आणि पहिली कांडी कोणी आपटायची यावरून भांडतात. आपटतात मात्र माझ्याच टेबलावर.

वर्ष उलटल्यावर परवा आत्यांचा फोन आला. ‘भाऊ, ओवीनं आज कांडी फेकून दिली. भाकरीच पायजे म्हणती.’

त्यांना वाईट वाटले असणार असे गृहीत धरून मी सांत्वनपर दोन वाक्ये जुळवून बोलू लागलो.

‘वाईट कशाचं वो? दाढा आल्या तिला! आन् ऐका, शेजारच्या पोराची लाळ सुरू झालीया. मी जाते, तूप कढवाया ठेवलंय.’