फळ्यावरचा सव्विसावा

मंडळी, आज नववीला सापेक्ष वारंवारता शिकवली, म्हणजे एकूणात एका गटाचा वाटा किती. अकोल्याची आमची शाळा इंग्रजांच्या मध्यप्रांत-वऱ्हाडाच्या काळातली. छत इतकं उंच की पंचवीस मुलं असूनही वर्ग रिकामा वाटतो.

पुस्तकातलं उदाहरण सोडून मी विचारलं, "काल घरी किती मिनिटं गप्पा मारल्या?" उत्तरांचे गट पाडले. शून्य ते दहा मिनिटांच्या गटात पाच जण निघाले. पाच भागिले पंचवीस, म्हणजे ०.२.

त्या पाचांतली वैष्णवी बाळापूरची, इथं वसतिगृहात राहते. तिनं विचारलं, "सर, तुमी कोन्त्या गटात?"

बायको जाऊन वर्ष झालं. मुलगी अमरावतीला, तिच्या संसारात. काल घरात मी एक शब्दही बोललो नव्हतो.

"पहिल्याच गटात," मी म्हणालो.

वैष्णवी लगेच म्हणाली, "मंग एकूण सव्वीस झाले नं, सर. गणित पुन्हा करा लागते."

सहा भागिले सव्वीस, सुमारे ०.२३. जुना आकडा पुसून मी फळ्यावर नवा लिहिला. कितीतरी दिवसांनी मला कुणीतरी आपल्यात धरलं होतं.

घरी येऊन हे कुणाला सांगणार, म्हणून इथं लिहिलं. दिवसभरातली अशी गोष्ट तुम्ही कुणाला सांगता?