पडद्यावरचा गेरू

गोंदियाकडच्या आमगावच्या बाजूला नाटकाचे पडदे रंगवणारे बरेच होते, पण माझ्या नवऱ्याने रंगवलेला जिना पाहून नवखा नट पाय उचलायचा. हे मी बायको म्हणून सांगत नाही. बायको म्हणून सांगायचं तर माणूस एक नंबरचा हेकट. त्या पडद्यांच्या जोरावर कोल्हापूरच्या एका सिनेमा कंपनीने त्यांना देखावे उभारायला बोलावलं; मीही सोबत गेले. बोलपट अजून यायचे होते. पहिलं काम जमलं तर नोकरी, नाही तर परतीची गाडी, असं मालकांनी स्वच्छ सांगितलं होतं.

काम होतं गरिबाच्या घराचं. यांनी आमच्याकडच्यासारख्या बांबूच्या कुडाच्या भिंती उभ्या केल्या. कूड लिंपणं तिथल्या गड्यांना जमेना, म्हणून मी पदर खोचला. वर पांढरी माती पोतारली आणि खाली गेरूचा रुंद पट्टा ओढायला घेतला.

"थांब," हे म्हणाले, "कॅमेरावाल्याले इचारू दे."

"गेरूबिगर घर म्हंजे सुतकातलं घर. त्याले कायले इचारता?" मी म्हटलं, आणि दाराभोवतीही गेरू फासला.

दुसऱ्या दिवशी थोडी फिल्म काढून, धुऊन पाहिली. तेव्हाच्या फिल्मवर लाल रंग काळा उमटायचा, हे मला कुठून ठाऊक! घर आगीतून काढल्यासारखं दिसत होतं.

"हा शहाणपणा कोणाचा?" मालक कडाडले.

मी दाराशीच होते. मी दाराआड सरकले.

"माझा," हे म्हणाले. "उद्या पुन्हा पाहा."

मग फुटक्या निळ्या बाटलीची काच डोळ्याला लावून ते दिवसभर रंग कालवत बसले. काचेतून लाल काळवंडतो, म्हणजे फिल्मवर काय दिसेल ते आधीच कळतं, एवढं त्यांनी कॅमेरावाल्याकडून काढून घेतलं होतं. शेवटी पांढऱ्या मातीत नीळ आणि राख मिसळून भांडं माझ्यापुढे सरकवलं. "तूच मार. तुह्यावानी हात माहा नाही चालत."

निळा पट्टा मारताना मला शिसारी आली. फिल्मवर मात्र तो अस्सल गेरू वाटला, आणि नोकरी पक्की झाली. पुढे यांनी कितीतरी महाल, देवळं, तुरुंग उभे केले. माझ्या त्या हट्टाबद्दल एका शब्दाने कधी टोचलं नाही. मला मात्र मालकांपुढे कबुली द्यायचं धाडस झालं नाही, याची लाज वाटते.

तो पहिला सिनेमा गोंदियाला लागला, तेव्हा सासूबाईंना दुपारच्या खेळाला नेलं. पडद्यावर घर आलं तशा त्या मोठ्याने म्हणाल्या, "गेरू त मस्त लावला रे! कोनं लावला?"

"चूप बैठो, अम्मा," मागून कोणीतरी ओरडलं.

हे त्याच्यापेक्षा मोठ्याने म्हणाले, "तुह्या सुनेनं, माय!"

मी पदर डोळ्यांना लावला.

"रडू नोको वं," सासूबाई माझ्या पाठीवर हात फिरवत म्हणाल्या, "सिनेमातलं दुख खरं नसते."