मुलींचा डोंगर

आईचा व्हिजिट व्हिसा संपायला आठवडा राहिला होता, आणि ती राहणार की जाणार हे काही ती सांगत नव्हती. विचारलं की म्हणायची, "बघू." आमच्या आईचं "बघू" म्हणजे भिंत. नवरा बँकेत कामाला, त्याला सगळं वेळेत करायची सवय. तो रोज ऑफिसला जाताना मला म्हणायचा, "एक्स्टेन्शन मोबाइलवर पाच मिनिटांचं काम आहे, पण त्यांना विचार तरी." मी विचारत नव्हते, कारण मला नकार नको होता. बाबा जाऊन वर्षही झालं नव्हतं. कराडच्या त्या तीन खोल्यांत ती एकटी कशी राहील, हा विचार आला की रियाधमध्ये भर दुपारी माझं हातातलं काम तसंच राहायचं. मी एकुलती एक. भाऊ असता तर त्याच्याशी भांडले तरी असते.

म्हणून मी अल-उलाची सहल काढली. सकाळच्या विमानानं जायचं, गाइडबरोबर तिथल्या वाळवंटातले हेग्राचे कोरलेले डोंगर बघायचे, रात्रीपर्यंत परत. माझा सरळ हिशेब होता. दोन महिने तिनं आमचा फ्लॅट, हायपरमार्केट आणि समोरची मशीद एवढंच सौदी बघितलं होतं. काहीतरी छान दाखवलं तर रमेल, रमली तर राहील. लहान मुलाला शाळेत बसवताना चॉकलेट देतात, त्यातलाच प्रकार.

अडचण एकच होती. हेग्राला जे कोरलेलं आहे, त्या कबरी आहेत. दोन हजार वर्षांपूर्वीच्या नबाती लोकांनी अख्ख्या खडकात कोरलेल्या. आता आमच्या घरातली रीत अशी, की स्मशानात जाऊन आलेल्या माणसानं आंघोळ केल्याशिवाय पाण्यालासुद्धा शिवायचं नाही. अल-उलात मी आईला आंघोळ कुठं घालणार? त्यात वर्षाच्या आत असल्या ठिकाणी नेलं म्हणून तिचं मन बिघडलं, तर राहणं राहिलंच बाजूला. तिथले लोक त्या कबरींना 'कस्र' म्हणतात, म्हणजे राजवाडा. मी ते बरोबर उचललं.

"जुने राजवाडे आहेत," मी आईला सांगितलं.

"लोकं राहतात?"

"आता नाही."

नवऱ्यानं माझ्याकडं बघितलं आणि मान हलवली. "अंगाशी येईल हं हे," तो नंतर स्वयंपाकघरात म्हणाला. त्याच्या ऑफिसातल्या एका सौदी सहकाऱ्याचे वडील अजूनही त्या जागी पाऊल टाकत नाहीत म्हणे. तिथल्या लोकांवर देवाचा कोप झाला होता, असल्या जागी रेंगाळू नये, अशी जुन्या माणसांची समजूत. म्हटलं, बघा, आमचीच आई एकटी नाही.

जानेवारी होता, पहाटे चांगलीच थंडी होती. आई साडीवर स्वेटर, त्यावर माझं जॅकेट, कानाला मफलर आणि पायात माझ्या मुलीचे जुने कॅनव्हासचे बूट अशा थाटात निघाली. पिशवीत दशम्या, शेंगदाण्याची चटणी आणि लोणचं. "तिथं सगळं मिळतं गं," म्हटलं तर म्हणाली, "मिळू दे की. मी काय त्यांचं बंद पाडायला निघाले?"

अल-उलाला बसमध्ये बसायच्या आधी खजूर आणि ती पिवळसर, वेलदोड्याची कॉफी दिली. आईनं एक घोट घेतला, "काढा आहे," म्हणाली आणि सगळा प्यायली. आमची गाइड एक तरुण सौदी मुलगी होती. तिथं गाइडला 'रावी' म्हणतात, गोष्ट सांगणारी. काळा अबाया, पायात स्पोर्ट्स शूज, आणि इंग्रजी असं की माझी बारा वर्षांची लेक लगेच तिच्यावर फिदा झाली. लेक आजीशी हिंदीत बोलते, आमच्याशी इंग्रजीत, आणि मराठीत फक्त "भूक लागली" एवढं म्हणते. तिला मी घरून बजावून आणलं होतं, की आजीला पॅलेस म्हणायचं.

पहिला डोंगर आला. सपाट वाळूत मध्येच उभा असलेला लालसर खडक, आणि त्यात खालपासून वरपर्यंत कोरलेली दारं. आई खाली उतरली आणि मान मागं टाकून नुसती बघत राहिली. "बाई गं! एवढं उंच कोण चढलं असेल छिन्नी घेऊन?" मला हायसं वाटलं. रमतीय, म्हटलं. मी तिचे भराभर फोटो काढले.

रावी सांगत होती, मी मराठी करून आईला सांगत होते, आणि भाषांतरात गाळायचं ते गाळत होते. कबर म्हटलं की मी 'दालन' म्हणायची. पुरलं म्हटलं की 'ठेवलं'. पण असं फार वेळ चालतं का? आईनं विचारलं, "एवढा मोठा वाडा, मग खिडकी कशी नाही एकपण?" मी काहीतरी जुळवत होते, तेवढ्यात माझी लेक कंटाळून म्हणाली, "आजी, ये पॅलेस नहीं है. ये सब ग्रेव्ह है. मम्मी ने बोला था बताना मत."

नवरा एकदम बुटाची नाडी बांधायला खाली वाकला.

मी म्हटलं, संपलं. आईनं आधी नातीकडं बघितलं, मग माझ्याकडं, मग त्या दारांच्या रांगेकडं. "सगळीच?" म्हणाली.

"हो."

"मग तसं सांगायचं की. मी काय पळून जाणार होते?" आणि मफलर सारखा करत ती रावीच्या मागं चालायला लागली. माझ्या पुढं! मला काही कळेना. सुटले म्हणावं, तर तिचा चेहरा नेहमीसारखा नव्हता.

पुढच्या थांब्याचं नाव जबल अल-बनात, म्हणजे मुलींचा डोंगर. रावीनं आम्हाला एका दाराखाली उभं केलं आणि वरच्या कोरीव अक्षरांकडं हात केला. इथं दारावर लिहून ठेवलेलं असतं, की जागा कुणाची, आत कुणाला ठेवायचं, आणि कुणी विकली किंवा दुसऱ्याला दिली तर त्याला शाप. आणि या डोंगरातल्या बऱ्याच जागा बायकांच्या आहेत, ती म्हणाली. बाईनं स्वतःच्या नावानं, स्वतःसाठी आणि आपल्या मुलींसाठी करून घेतलेल्या. आता काही गाळायचं कारण नव्हतं, मी सगळं सांगितलं.

"बाईनं? स्वतः जिवंत असताना?"

"हो."

"आणि नवरा?"

मी रावीला विचारलं. ती हसली, म्हणाली काहींवर नवऱ्याचा उल्लेखच नाही.

"गेला असेल आपल्या आईच्या जागेत," आई म्हणाली. नवरा मोठ्यानं हसला, आणि सासूबाई खुशीत आहेत असं समजून मला खुणेनं म्हणाला, विचार आत्ता.

मी विचारणार तेवढ्यात आई दाराकडं गेली. उंबऱ्याशी दोरी लावलेली होती. तिनं दोरीला हात घातला, तशी रावी पुढं आली आणि अगदी नरमाईनं म्हणाली, आत जाता येत नाही, इथूनच बघा.

आई थांबली. दोरी हातात तशीच. "इथंही नाही का?" म्हणाली.

मला वाटलं, पाय दुखतायत, चिडलीय. मग तिनं मला विचारायला सांगितलं, की बाप्यांना सोडतात का? मी विचारलं. रावी म्हणाली, कुणालाच नाही, दगड ठिसूळ झालाय.

"बाप्यांनाही नाही? मग ठीक आहे," आई म्हणाली. दोरी सोडून ती वाकली, भिंतीला हात टेकला आणि आत बघत राहिली. मीही बघितलं. आत साधी अंधारी खोली होती, भिंतीत माणूस मावेल असे कोनाडे, आणि खाली वाळू. दुसरं काही नाही. सगळे बसकडं निघाले तरी ती तिथंच. शेवटी रावीनं तिच्या दंडाला धरून आणलं आणि वाटेत तिला अरबीत काहीतरी म्हणाली. आई मराठीत म्हणाली, "हो बाळा, चालतीय मी." दोघींचं बरं चाललं होतं.

सहल संपल्यावर आम्ही खजुराच्या झाडांखाली बाकावर बसलो. नवरा आणि लेक चहा आणायला गेले. आईनं हात धुतले आणि डबा उघडला. मला राहवेना.

"आई, आंघोळ नाही केलीस अजून. चालेल का?"

"आंघोळ गेलेल्या माणसानं करायची," ती दशमीवर चटणी घालत म्हणाली. "मी कुठं गेले? दारातनं तर बघितलं. मी कुठंच गेले नाही."

आणि मग तिचा हात थांबला.

"तुझ्या बाबांच्या वेळी मी चप्पल घातली होती," ती म्हणाली. "भाऊजी म्हणाले, वहिनी, बायका येत नाहीत. शेजारणींनी मला धरलं आणि खाली बसवलं. चप्पल कुणी पायातनं काढली तेही कळलं नाही. सावडायलाही तेच गेले. एवढी वर्षं संसार केला, आणि कुठं ठेवलं माणसाला ते मला माहीत नाही. कुणी विचारलं तर मला सांगता येणार नाही."

"दहाव्याला गेलो होतो की घाटावर," मी म्हटलं. म्हणायला नको होतं.

"तो घाट. मी जागा म्हणतीय. कसली आहे, झाड आहे का, पत्रा आहे का, नदी दिसते का तिथून. डोळ्यासमोर काहीच येत नाही गं माझ्या. बाकी सगळं येतं, तेवढंच येत नाही." तिनं डोंगरांच्या दिशेनं हात केला. "यांची जागा दोन हजार वर्षांनी लोकं येऊन बघतात. आणि मला कराडात रिक्षानं जायला बंदी."

मला रडू आलं. आईसमोर रडायचं नाही असं मी दोन महिने ठरवून ठेवलं होतं, ते गेलं. तिला वाटलं, ती जाणार म्हणून मी रडतेय.

"येईन की परत. तुझ्याकडं यायला मला कुणी नको म्हणत नाही. पण आधी मला तिथं जाऊन यायचंय. घरात बसून रोज तेच मनात येतं."

"तसं नाही गं," मी म्हटलं. "मीपण नाही बघितलं."

बाबांच्या वेळी माझं विमान मुंबईला उतरलं, आणि मी कराडला पोचले तेव्हा पुरुष परत येऊन अंगणात ओल्या केसांनी बसले होते. मी काकांना विचारलं नाही, की मला एकदा दाखवून आणता का. आई एवढी शांत बसली होती, मग मी कशाला नवीन काढू, असं वाटलं. तेही मी तिला तेव्हाच, त्या बाकावर, पहिल्यांदा सांगितलं.

आई माझ्याकडं बघत राहिली. "तुला जायचं होतं?"

"हो."

"अगं मग बोलायचं की बये! मला वाटलं, तू आता तिकडची झालीस, तुला नसेल असलं काही. म्हणून मी गप्प बसले."

"आणि मी तू गप्प म्हणून."

दोघींना एकाच वेळी हसू आलं आणि रडूही. नवरा चहाचे कप घेऊन आला, आमची तोंडं बघितली आणि लेकीला घेऊन तसाच मागं फिरू लागला. मी त्याला हाक मारली.

"एक्स्टेन्शन करू नकोस," मी म्हटलं. "तिकिटं काढ. दोन."

त्यानं आईकडं बघितलं. आईनं पदरानं नाक पुसलं आणि एक दशमी त्याच्या हातात ठेवली.

"आणि भाऊजींना आधी कळवू नका," ती म्हणाली. "आम्ही दोघी जाऊन येऊ, मग सांगू."